शिलाई मशीनचं चाक

बुधवार, १४ मार्च

प्रिय बारके,

अनेक आशीर्वाद. तू बरी असशील असं धरून चालते. आम्ही दोघी ठीक आहोत. आईचा गुडघा हवा बदलली की दुखतो आणि नाही बदलली तरी दुखतो. डॉक्टरांनी चालायला सांगितलं आहे. ती म्हणते, त्यांचा दुखेल तेव्हा त्यांनी चालावं.

हे पत्र नेहमीसारखं तुझ्या खालच्या इस्त्रीवाल्या मावशींच्या नावावर पाठवते आहे. त्यांना माझा नमस्कार सांग. फोनचा विषय मी काढत नाही. तुझी आधीची खोली तुझ्या नवऱ्याला फोनवरूनच सापडली होती, ते माझ्या लक्षात आहे.

पुस्तक आलं. ‘कामाच्या खिडक्या’ हेच नाव शेवटी ठरलं. प्रकाशकांना ‘उजेड’ हवं होतं. मी म्हटलं, उजेड नावाची पुस्तकं अंधारातच पडून राहतात. ते हसले आणि त्यांनी ऐकलं.

पार्सल फोडलं तेव्हा शाईचा वास घरभर झाला. पुस्तक जड आहे. एका हातात धरता येत नाही, मांडीवर ठेवून पाहावं लागतं. मला तसंच हवं होतं. बूट शिवणारा, घड्याळवाला, चष्म्याच्या काचा घासणारा, पोस्टात शिक्के मारणारी, सगळे आपापल्या खिडकीशी बसले आहेत आणि कुणीही माझ्याकडे पाहत नाही. पावाच्या भट्टीवाल्याला त्याचं पान दाखवलं. त्याने बराच वेळ पाहिलं आणि म्हणाला, “पोट आत घेतलं असतं की. सांगायचं होतंत.”

वाचनालयाच्या सभागृहात मोठे प्रिंट लावले आहेत आणि टेबलावर पुस्तकाची एक प्रत ठेवली आहे. लोक येतात, पुस्तक चाळतात, माझ्याशी न बोलता जातात. काही बोलतात. एका गृहस्थांनी विचारलं, यातला एकही माणूस हसत का नाही. मी म्हटलं, काम करताना तुम्ही हसता का. ते म्हणाले, मी बँकेत आहे.

तुझं काय चाललं आहे? काजं किती पडतात अंगावर? मशीनचं चाक अजून कुरकुरतं का? खिडकीला पडदा लावलास का? नसशील तर लाव. जाड कापडाचा लाव. ऊन वाढत जाणार आहे आता.

तुमच्या मुकादमबाई मागे म्हणाल्या होत्या ना, की त्यांच्या दुसऱ्या कारखान्यात काज-बटणाला माणसं कमी पडतात? तिकडे जायचं काही ठरतंय का? मी आपली विचारते आहे. एका जागी राहून माणूस कंटाळतं.

आईने पुस्तक पाहिलं. एका पानावर थांबली. त्याबद्दल सवडीने लिहीन.

प्रकृतीला जप. पाणी पीत जा.

तुझी,
ताई

ता. क. पडद्याचं विसरू नकोस.


शुक्रवार, १६ मार्च

बारके,

परवाचं पत्र तुझ्या हाती पडलं असेल तर तू ओळखलं असशील. पडद्यांबद्दल मी कधी कुणाला दोनदा सांगितलेलं नाही.

आधी कामाचं. रविवारपर्यंत खोली सोड. मशीन कारखान्याचं आहे, ते राहू दे. जे पिशवीत मावेल ते घे. मुकादमबाईंना सगळं सांग, त्या बाई खमक्या आहेत, त्या काहीतरी करतील. किल्ली मावशींकडे ठेव. मी रविवारी दुपारपर्यंत येते आहे, पण माझी वाट पाहू नकोस. पोस्टाने हे वेळेत पोचणार नाही म्हणून बसच्या कंडक्टरच्या हाती देते आहे. त्याचा फोटो पुस्तकात आहे, तो नाही म्हणणार नाही.

आता कारण. काल तो प्रदर्शनात आला होता.

हे वाचून तू विचारशील, आला तर आला, त्याला काय कळणार आहे. म्हणून मला मागचं लिहावं लागेल. मी ते परवाच लिहायला हवं होतं. परवा मी भट्टीवाल्याच्या पोटाबद्दल लिहिलं.

तुझा फोटो पुस्तकात आहे, हे तुला माहीत आहे. तूच हो म्हणाली होतीस. गेल्या वर्षी थंडीत मी तुझ्याकडे राहिले तेव्हा सकाळी तू मशीनवर बसलीस आणि पुलावरून उजेड आत आला, आणि मी कॅमेरा काढला. तू मान वर न करता म्हणालीस, “काढ. पुस्तकातही घाल हवं तर. पण मी कुठे आहे ते कुणाला कळता कामा नये.” आपण कॅलेंडर उतरवलं. घड्याळ उतरवलं. कारखान्याच्या नावाची पिशवी पलंगाखाली सारली. मग तू म्हणालीस, “आणि बाहेरचा पूल? तो कुठे सारणार?” मी म्हटलं, त्याचं मी बघते.

घरी येऊन मी निगेटिव्ह पालथी घातली. प्रिंट निघाला तो आरशातला. डावीकडची टाकी उजवीकडे गेली, पूल उलटा वळला. तुझ्या डाव्या गालावरचा तीळ उजव्या गालावर आला. वाकडी करंगळी दुसऱ्या हाताला गेली. तो प्रिंट तुला पाठवला तेव्हा तू उत्तरात लिहिलंस, “ही कोण बाई माझ्या जागेवर बसली आहे? बसू दे. मला चालेल.” तोच प्रिंट दोरीवर वाळत असताना आईने पाहिला होता. ती म्हणाली, “ही कोण गं? कामसू दिसते.” पोटच्या मुलीला तिने ओळखलं नाही, तेव्हा माझा जीव भांड्यात पडला.

फोटोत मी कधी हात घालत नाही, ते तुला ठाऊक आहे. कापत नाही, पुसत नाही. लोक माझं नाव त्यासाठीच घेतात. ही एकच वेळ. तुझ्यासाठी होती म्हणून मला तिचं वाईटही वाटलं नाही. पण मी कुणाला सांगितलं नाही. प्रकाशकांनाही नाही.

आणि आपण दोघी एक गोष्ट विसरलो. मशीन.

प्रकाशकांच्या आईचं शिवणकामाचं दुकान होतं. त्यांचं सगळं लहानपण मशीनच्या पायाशी गेलं आहे, हे ते कुणालाही पहिल्या भेटीत सांगतात. जानेवारीत मी प्रूफ पाहायला गेले तेव्हा ते जिन्यातच उभे होते.

“बाई, तुमचं नशीब थोर, की मी आहे.”

“काय झालं?”

“तुमची एक निगेटिव्ह पालथी पडली होती. ती शिवणारी बाई. मशीनचं चाक डावीकडे! मी म्हटलं, असं मशीन बनवलं कुणी? त्या चाकात बोट घातलं म्हणून मी आईचा मार खाल्लाय, मला विचारा ते कुठे असतं. करून टाकलं सरळ.”

टेबलावर तू होतीस.

इतके महिने मी त्या दुसऱ्या बाईकडे पाहत होते. पानांचा क्रम लावताना, प्रिंटचा काळा रंग ठरवताना, तीच. आणि आता टेबलावर तू होतीस, जशी त्या सकाळी बसली होतीस तशी, तीळ जिथे असायचा तिथे, आणि उजेड डावीकडून.

मी सांगू शकले असते. “राहू द्या, उलटंच छापा.” त्यांनी का विचारलं असतं. मलपृष्ठावर त्यांनी एक ओळ टाकली होती, की या पुस्तकातलं एकही छायाचित्र बदललेलं नाही. ती काढावी लागली असती. तू म्हणशील, नावासाठी गप्प बसलीस. तसं असतं तर बरं झालं असतं. त्याची लाज वाटून घेता आली असती. पण त्या घडीला ती ओळ माझ्या डोक्यातही नव्हती. मला तू सरळ हवी होतीस, इतकंच होतं. मी प्रूफवर सही केली.

मनाशी म्हटलं, जाड महाग पुस्तक, ते कोण पाहणार. ट्रक चालवणारा माणूस कशाला पुस्तकं उघडतो.

पुस्तक आलं त्या दिवशी आई पानं उलटत होती. भराभर, भाजी निवडल्यासारखी. एका पानावर तिने तळहात ठेवला. बराच वेळ उचलला नाही. मग म्हणाली, “वाळली आहे.” आणि थोड्या वेळाने, “करंगळी तशीच राहिली का गं तिची.” तू कुठे आहेस हे तिने विचारलं नाही. मला तुझा ठावठिकाणा माहीत आहे आणि मी तिला कधी सांगितला नाही, एवढं तिला तेव्हा कळलं. ती माझ्याशी कमी बोलते आहे. परवा ‘सवडीने लिहीन’ म्हटलं ते हे.

काल दुपारी सभागृहात कुणी नव्हतं. तो एकटा आला. धुतलेला शर्ट, भांग पाडलेला. भिंतीवरच्या फोटोंकडे न पाहता सरळ टेबलाशी आला. कुणीतरी त्याला सांगितलं असणार.

“नमस्कार, ताई. मोठं नाव काढलंत.”

मी म्हटलं, “या.”

त्याने पुस्तक उघडलं. हात खिशातल्या रुमालाला पुसून उघडलं. पानं कोपऱ्याला धरून नीट उलटली, मीही इतकी नीट उलटत नाही. मग थांबला. टेबलावरचा दिवा ओढून जवळ घेतला.

“ही करंगळी माझ्या ओळखीची आहे.”

“करंगळ्या पुष्कळांना असतात.”

तो हसला. त्याचं ते हसणं तुला माहीत आहे, लोकांना फार आवडतं. मग वाचून दाखवावं तसा म्हणाला, “तीन कमानी. टाकी डाव्या अंगाला.” बोटाने कमानी मोजल्या. “असा पूल माझ्या रस्त्यात दोन ठिकाणी लागतो, ताई. दुसऱ्या ठिकाणी टाकी उजवीकडे आहे.”

मी त्याला दुसऱ्या पुलावर पाठवू शकले असते, माझ्या हातात होतं, आणि मी सही केली होती.

“सोमवारी माझी फेरी तिकडचीच आहे,” तो म्हणाला. पुस्तक मिटलं, वरून एकदा बाहीने पुसलं. “छान झालंय. अगदी खरं वाटतं.”

चौकीत जा असं मी लिहिणार नाही. मागच्या वेळी त्यांनी तुम्हा दोघांना समोरासमोर बसवून समजूत घातली होती, आणि तिथून तो तुला बरोबर घेऊनच बाहेर पडला होता.

रविवारपर्यंत, बारके. माझ्यावर चिडायचं ते नंतर चीड. आधी खोली सोड.

ताई


मंगळवार, २० मार्च

प्रिय बारके,

हे तुझ्या खोलीतून, तुझ्या मशीनवर कागद ठेवून लिहिते आहे. चाक आता कुरकुरत नाही. तेल घातलेलं दिसतं.

रविवारी पोचले तेव्हा मावशी खाली इस्त्री करत होत्या. मला पाहून त्यांनी इस्त्री उभी केली.

“गेली?”

“गेली.”

“काही म्हणाली?”

“म्हणाली, ताई येईल, तिला चहा द्या.” मग चादरीची घडी घालता घालता म्हणाल्या, “आणखीही म्हणाली, पण ते मी नाही सांगायची. तुम्ही बहिणी आहात, तुमचं तुम्ही बघा.”

चहा दिला. त्याच पातेल्यातला त्यांनीही घेतला.

खोली झाडलेली होती. पलंगावर गादी गुंडाळून ठेवलेली, कप पालथा, खिडकीला पडदा. निळा, जाड. लावलास म्हणजे. मी पाठवलेला प्रिंट भिंतीवरच होता. तू नेला नाहीस. भिंतीकडे तोंड करून टांगला होता. मावशींनी जे सांगितलं नाही ते मला तिथे कळलं, असं मी धरून चालते.

सोमवारी सकाळी मी पडदा बाजूला केला आणि तुझ्या खुर्चीवर बसले. खुंटीवर तू सोडलेला कारखान्याचा डगला होता, तो चढवला. खांद्यात घट्ट झाला. मावशी म्हणाल्या, “हे काय सोंग?” मी त्यांना सांगितलं. तो खालून खिडकी शोधणार. खिडकी रिकामी दिसली तर रस्त्यावर विचारत फिरेल, कारखान्यात जाईल, तिथे कुणीतरी कालच गेली असं बोलून जाईल, आणि तू अजून वाटेत असशील. खिडकीत कुणी दिसलं तर तो वर येईल आणि इथेच थांबेल. मावशींनी विचार केला. “मग नुसत्या बसू नका,” म्हणाल्या. “चालवा मशीन. ती कधी नुसती बसत नाही.”

मला शिवता येत नाही. मी चिंधी घालून मशीन चालवत राहिले. जन्मभर मी खिडकीशी बसलेली माणसं पाहिली. दाराकडे पाठ करून बसलं की पाठीला काय वाटतं, ते मला माहीत नव्हतं. तू तिथे इतके दिवस बसलीस.

जिना लाकडाचा आहे, म्हणून तो येताना कळला. दार मी उघडंच ठेवलं होतं. तो उंबऱ्यात थांबला आणि म्हणाला, “चल.”

एवढंच. तू दुकानात काही आणायला गेली होतीस आणि उशीर झाला होता, असं.

मी वळले.

उंबऱ्याच्या आत टाकलेला पाय त्याने मागे घेतला. मग ओळख पटल्यासारखा हसला. “ताई. तुम्ही.”

“बसा.”

“ती कुठे आहे?”

“माहीत नाही.”

“तुम्हाला माहीत नाही?”

“मला सांगितलं नाही. मी विचारलंही नाही.”

तो माझ्या तोंडाकडे पाहत राहिला. इतक्या वर्षांत मी त्याच्याशी पहिल्यांदा खरं बोलत होते, आणि त्याला ते खरं आहे हे कळलं. त्याने पलंगाखाली पाहिलं. पडदा चाचपला. कप उचलून हुंगला. मग भिंतीवरचा प्रिंट खाली काढून आपल्याकडे वळवला आणि उजेडात धरला.

बारके, तो बराच वेळ पाहत होता. तुझ्याबरोबर संसार केलेला माणूस. टाकीकडे पाहिलं, खिडकीबाहेर पाहिलं, पुन्हा प्रिंटकडे. तोंडाकडे. हाताकडे.

“ही कोण?” म्हणाला. “ही ती नाही.”

मी म्हटलं, “नाही.”

त्याने तो पलंगावर टाकला.

हे मी तुला लिहावं की नाही याचा मी काल संध्याकाळपर्यंत विचार केला. लिहिते, कारण तुला माहीत असायला हवं. तू सांगितलं होतंस तसं मी केलं होतं आणि ते बरोबर होतं. पुस्तकात ही बाई असती तर तो तिला पाहून पान उलटून पुढे गेला असता. तुझ्या खोलीवर वर्षानुवर्षं कुणी आलं नसतं.

कॅमेरा मशीनमागे ठेवलेला होता. मी उचलला.

“काय करताय?”

“उजेड चांगला आहे इथे.”

पहिला फोटो मी त्याला कळायच्या आत काढला. दुसऱ्याला तो हात पुढे करून अंगावर आला. तेवढ्यात मावशी दारात. हातात इस्त्री, तापलेली, खालूनच तशी घेऊन आलेल्या. त्यांच्यामागे जिन्यात मुकादमबाईंनी पाठवलेल्या कारखान्यातल्या दोघी, डगले घालून.

“इस्त्रीचे कपडे आहेत का?” मावशींनी विचारलं. मला नाही, त्याला.

“घरचा मामला आहे,” तो म्हणाला.

“असू दे की. पण आवाज जरा बेताने. खाली माझी गिऱ्हाइकं आहेत.”

तो मावशींकडे पाहून हसला. त्या हसल्या नाहीत. इस्त्री दुसऱ्या हातात घेतली फक्त. तो खाली उतरला, त्या दोघी त्याला वाट देण्यापुरत्याच सरकल्या. मी खिडकीतून पाहत राहिले. ट्रक पुलावर चढला आणि टाकीपाशी थोडा वेळ उभा राहिला. मग गेला. परत येणार नाही असं मी म्हणत नाही.

आज सकाळी स्टेशनजवळच्या स्टुडिओत रोल धुऊन घेतला आणि दुसरा फोटो छापून घेतला. हात आडवा आला आहे, पण चेहरा सुटलेला नाही. सरळ छापला आहे, तीनदा तपासून. एक मावशींना दिला, त्यांनी तो दुकानात आतल्या बाजूने चिकटवला आहे. एक मुकादमबाईंना. एक यासोबत आहे. नव्या जागी तुझ्या खाली किंवा शेजारी जी कुणी असेल तिच्याकडे दे. तो आला तर तिला ओळखता यायला हवा. मी काढलेला म्हणून जपून ठेवू नकोस.

पुस्तकाचं. प्रकाशकांना मी शुक्रवारीच सगळं सांगितलं. एरवी त्यांना थांबवावं लागतं. त्या दिवशी त्यांनी पुस्तक ओढून नुसतं ते पान उघडलं. मग म्हणाले, “बाई, मी चाक पाहिलं आणि माणूस पाहिलं नाही.” मी म्हटलं, तुम्हाला माहीत नव्हतं, मला होतं. विक्री थांबवली आहे. गोदामातल्या प्रतींतून ते पान कापायचं. पण पानाला दोन बाजू असतात. तुझ्या पाठीवर भट्टीवाला आहे. तू गेलीस की तोही जातो. त्याला सांगायला गेले. त्याने कणीक मळणं थांबवलं नाही. म्हणाला, “जाऊ दे. पोट तरी गेलं.” मग मी निघाले तेव्हा म्हणाला, “बहीण आहे का तुमची?” मी हो म्हटलं. तो म्हणाला, “चेहरापट्टी तीच आहे. मला वाटलंच होतं.”

मलपृष्ठावरच्या त्या ओळीवर कागद चिकटवायचा आहे. कापलेल्या पानाचा अंश बांधणीत राहतो, बोटभर पांढरी पट्टी. पुस्तक उघडलं की दिसते. राहू दे म्हटलं. ज्या प्रती विकल्या गेल्या त्या परत येत नाहीत. किती आणि कुणाकडे, हे मला कधीच कळणार नाही.

आईची प्रत मी कापू शकले नाही. ती देत नाही. मी रविवारी निघताना तिला कारण सांगितलं, सगळं. ती ऐकून घेऊन म्हणाली, “माझ्याकडून कुणी नेणार नाही.” आणि पुस्तक गादीखाली घातलं. गुडघा दुखत असूनही खाली वाकून.

आता शेवटचं.

मुकादमबाईंना तुझी नवी जागा माहीत आहे. मी विचारली नाही. हे पत्र त्या पोचवतील. यापुढचं त्या घेणार नाहीत, मीच त्यांना तसं सांगितलं आहे. तूही मला लिहू नकोस. कुणाच्या नावावर नको, कुणाच्या हाती नको. तो पुन्हा आला तर माझ्याकडेच येईल. मला काही ठाऊक नसलं की मी खरं बोलते आणि त्याला ते दिसतं, हे काल पाहिलं. तेवढंच माझ्याकडून तुला होण्यासारखं आहे.

आणि दुसरं असं, की पत्ता माझ्याकडे असला तर मी येईन. कॅमेरा आणणार नाही असं म्हणेन, आणि आणेन. उजेड चांगला असेल.

काही वेळ बसून ‘ताई, असं तोडू नकोस’ हे तुझं म्हणणं ऐकण्याचा प्रयत्न केला. ऐकू आलं नाही. तू खोली झाडून गेली आहेस.

किल्ली मावशींकडे देते. पडदा ओढून घेतला आहे. डगला खुंटीवर आहे, खांद्याची एक शिवण माझ्याकडून उसवली. प्रिंट मी घेऊन जाते. त्या बाईला कुणी ओळखत नाही, तिच्याकडे मला पाहता येईल.

पाणी पीत जा.

तू कुठे आहेस हे माहीत नसलेली,
तुझी ताई